आमचा प्रमाण माणूस

सोमवार, ३ फेब्रुवारी

पाट पुन्हा बिघडला. या वयात मला आणखी काय काय दुरुस्त करायला लागणार आहे कोण जाणे.

पाट म्हणजे आमच्या तोल-संशोधन विभागातलं ते चौकोनी यंत्र. त्यावर माणसाला उभं करायचं, खालचे चार पाय त्याचा भार कुठे झुकतोय ते मोजतात आणि पडद्यावर एक ठिपका फिरत राहतो. अगदी स्थिर उभा राहणारा माणूस जगात नाही, सगळे डुलतात. अर्ध्या मिनिटात ठिपका जो गिचमिड गोळा काढतो, तो जेवढा लहान तेवढा तोल चांगला. हे सगळं मी डायरीत का लिहितेय? दिवसभर येणाऱ्या-जाणाऱ्याला हेच सांगून तोंडाला सवय लागली आहे, दुसरं काय.

दर सोमवारी काम सुरू करण्याआधी आमचे 'हे' डोळे मिटून पाटावर उभे राहतात. (डायरीतसुद्धा नवऱ्याचं नाव घेत नाहीस, म्हणून लेक मला हसते. हसू दे.) ह्यांचा जन्म उंच इमारती रंगवण्यात गेला. बाहेरून दोरांवर सोडलेल्या परांचीवर, वीतभर रुंद फळीवर हा माणूस जेवणाचा डबा उघडून जेवतो. त्यामुळे विभागाने अकरा वर्षांपूर्वी त्यांना 'प्रमाण माणूस' नेमलं. ह्यांचा गोळा कायम लिंबाएवढा. तो लिंबाएवढा आला की पाट ठीक, मग पेशंट घ्यायचे. डिसेंबरात किडनीच्या इन्फेक्शनने तीन आठवडे इस्पितळात पडले होते, इंजेक्शनांनी दंडांची चाळण झाली. जानेवारीभर घरीच होते. आता ठणठणीत आहेत, म्हणून आज आले.

आणि गोळा आला संत्र्याएवढा. परत घेतला, परत संत्रं.

"मी हललो का गं?" ह्यांनी विचारलं.

"तुम्ही नाही हो, पाट हलतोय," मी म्हटलं. "चौदा वर्षांचा झाला, त्याचे पाय गेलेत."

लोखंडी वजनं ठेवून पाहिली तर भार बरोबर दाखवतो. म्हणजे भार बरोबर आणि डुलणं तेवढं चूक. असला अर्धवट बिघाड सगळ्यात वाईट. विभागाच्या साहेबांना फोन केला. ते म्हणाले, नवा पाट या वर्षी विसरा, आहे त्यात जुळवून घ्या. मग डुलणं पडद्यावर किती पटीने दाखवायचं तो मोजणीचा गुणक खाली खाली आणत गेले, ह्यांचं संत्रं लिंबू होईपर्यंत. लागला एकदाचा. हे "नक्की ना?" असं दोनदा विचारून गेले. आजारपणातून उठलेला माणूस जरा चौकस होतो.

गुरुवार, १३ फेब्रुवारी

आज एक निवृत्त मास्तर आले होते. चक्कर नाही, कान दुखत नाही, ऐकू छान येतं. तक्रार काय, तर चालताना दुकानांचे बोर्ड नाचतात, वाचता येत नाहीत. थांबलं की बोर्डही थांबतात. अंधारात भिंतीला हात लावून चालावं लागतं. तीन डॉक्टरांनी 'मनाचे खेळ' म्हणून परत पाठवलं होतं. मी दोन मिनिटांत सांगितलं, दोन्ही कानांतला तोल गेलाय. कुठल्यातरी आजारात जोरदार इंजेक्शनं झाली होती का? झाली होती. काही औषधं जीव वाचवतात आणि कानाचा तेवढा भाग घेऊन जातात. दोन्ही बाजूंचा सारखाच जातो म्हणून गरगरत नाही, आणि गरगरत नाही म्हणून कुणाच्या लक्षात येत नाही. डोळे आणि पाय मिळून सांभाळून घेतात, उजेड असेपर्यंत.

मास्तर रडायलाच लागले. वाईट बातमीने नाही, कुणीतरी खरं मानलं म्हणून. अशा दिवशी वाटतं, या खोलीत आयुष्य घालवलं ते अगदीच वाया गेलं नाही.

मग बाहेर बघते तर व्हरांड्यात सतरा पेशंट. सगळा कळवळा तिथल्या तिथे आटला.

सोमवार, २४ फेब्रुवारी

पाटाचे पाय आणखी खराब होताहेत. ह्यांचा गोळा आता मोसंबी-संत्र्याच्याही पुढे गेला. वर हे मधेच डोळे उघडतात. मी ओरडले, "अहो, इतक्या वर्षांत कधी डोळे उघडले नाहीत आणि आता काय लहान मुलासारखं?" तर म्हणतात, "माशी होती."

गुणक पुन्हा खाली. लिंबू आलं. "एकदम पूर्वीसारखं," मी म्हटलं. ह्यांचा चेहरा उजळला. माझ्या एवढ्याशा शब्दाने कुणी खूश होतं, असं हल्ली फार होत नाही, म्हणून बरं वाटलं.

रविवार, २ मार्च

सुट्टी म्हणून ह्यांना बळेच फिरायला नेलं. चालताना म्हणाले, "त्या दुकानाचं नाव काय गं? अक्षरं उड्या मारताहेत." मी म्हटलं, दोन वर्षांपासून ओरडतेय की चष्म्याचा नंबर बदला, पण माझं ऐकतंय कोण? उद्याच्या उद्या चष्मेवाल्याकडे जायचं, असं कबूल करवून घेतलं.

घरी येऊन पाहते तर पॅसेजमधला दिवा भरदिवसा चालू. बाथरूमचा, मोरीचा, सगळे चालू. हल्ली ह्यांना दिवे बंद करायचं भानच नसतं. मी मागून फिरते आणि बटणं बंद करते, पुढून हे परत लावत जातात. संसार म्हणतात तो हाच.

शुक्रवार, १४ मार्च

साहेब आज स्वतः माझ्या खोलीत आले. इतक्या वर्षांत बहुतेक तिसऱ्यांदा. आमच्या अभ्यासाचा पहिला आढावा त्यांनी पाहिला. साठीच्या पुढची माणसं, निम्म्यांना तीन महिने तोलाचे व्यायाम द्यायचे, निम्म्यांना नुसतं बोलावून गप्पा मारायच्या आणि आधीचे-नंतरचे गोळे तपासायचे. जानेवारीतले गोळे आणि आताचे गोळे शेजारी ठेवले तर व्यायामवाल्यांत इतकी सुधारणा की साहेबांच्या चष्म्याआडचे डोळे ओले झाले. "बाई, तुम्ही म्हाताऱ्यांना उभं केलंत," म्हणाले. परिषदेत भाषण माझंच असणार. मी आपली "बघू" म्हणाले, पण जिना उतरताना गुणगुणत होते, हे शिपायाने हटकलं तेव्हा कळलं.

इतकी वर्षं कंटाळा अंगात मुरलाय की आनंदही जरा संशयानेच होतो.

शुक्रवार, २१ मार्च

संध्याकाळी वीज गेली. मी मेणबत्ती शोधत स्वयंपाकघरात चाचपडत होते. हे आवाज देईनात. मेणबत्ती घेऊन आले तर हे पॅसेजमध्ये फरशीवर पाय पसरून बसलेले, तळवे जमिनीला टेकलेले.

"काय झालं? पडलात?"

"छे गं. गार वाटतं फरशीवर."

मला हसूच आलं. साठीला टेकलेला माणूस आणि फरशीवर बसून गारवा खातोय. उठताना मात्र माझा खांदा धरला. मी म्हटलं, "वजन कमी करा जरा."

सोमवार, २४ मार्च

ह्यांना मोठं काम मिळालं. गावाबाहेरची पाण्याची उंच टाकी, वरपासून खालपर्यंत बाहेरून रंगवायची. मुकादम म्हणाला, हे काम तुमच्याशिवाय दुसऱ्या कुणाच्या हातचं नाही. म्हणजे पुन्हा दोर, पुन्हा फळी, खाली कडक जमीन. तिथून पाय निसटला तर उचलायलाही काही उरणार नाही, हे मला कळतं. पण पहिल्या दिवसापासून कळतं, नवं काय त्यात?

लेकीचा फोन आला. ती चिडलेली. "आई, बाबा फोनवर गप्प गप्प असतात. त्यांना आता खाली उतरव. मला भीती वाटते." मी म्हटलं, "बयो, तुझ्या बापाला दर सोमवारी मी स्वतः तपासते. सगळ्या गावात एवढा तपासलेला रंगारी दुसरा नसेल." ती जरा शांत झाली. हे समोरच बसले होते, पेपर डोळ्यांपुढे धरून. पान काही उलटत नव्हते.

आज पाटावर उभे राहिले तेव्हा बाजूच्या कठड्याला हात लागला. पुन्हा गुणक, पुन्हा लिंबू. पाट बहुतेक या वर्षाअखेर भंगारात जाणार.

बुधवार, २ एप्रिल

अंगाचा तिळपापड झालाय, तरी लिहिते.

आमच्याकडे आकडेमोड बघायला एक बाई आहे, तिला सगळे गणितवाली म्हणतात. वयाने माझ्याहून पंधरा वर्षांनी लहान, जिभेने पंधरा वर्षांनी मोठी. आज दार ढकलून आली आणि म्हणाली, "ताई, गप्पांचा गटही सुधारलाय."

"म्हणजे?"

"ज्यांना काहीही व्यायाम दिला नाही, नुसता चहा पाजला, त्यांचेही गोळे तेवढेच लहान झालेत. एकूण एक सगळ्यांचे."

मी म्हटलं, गप्पा मारूनही माणूस सुधारतो. ती म्हणाली, "एक आजोबा मधे पडून खुब्याचं हाड मोडून घेऊन आले. काठी घेऊन कसेबसे उभे राहिले. त्यांचाही गोळा जानेवारीपेक्षा लहान आहे. आता बोला."

तिने विचारलं, गुणक किती वेळा बदललात आणि कशावरून? मी सांगितलं, प्रमाण माणसावरून, आपली पद्धतच आहे ती, तू इथे येण्याआधीपासूनची. तिने ते वहीत टिपून घेतलं. मग म्हणाली, "उद्या माणूस नको, लंबक लावू. लोखंडी गोळा दोरीला टांगून पाटावर डोलवू. तो किती डोलणार ते कागदावर काढता येतं. त्यात चूक व्हायला जागा नाही."

मी म्हटलं, लाव बाई, काय हवं ते लाव. तिच्या तोंडावर दार आपटलं. म्हणजे दार आपोआप बंद होणारं आहे, पण मी आपटायचा प्रयत्न केला.

गुरुवार, ३ एप्रिल

क्रमाने लिहिते.

दुपारी लंबक टांगला. गुणक जानेवारीत होता तिथे नेऊन ठेवला. लंबक डोलला, पडद्यावर आकडा आला, गणितवालीच्या कागदावर होता तोच. तिने दोरी लांब केली, आखूड केली, वजन बदललं. दर वेळी तोच ताळा. "पाट चांगला आहे," ती म्हणाली. "कधी बिघडलाच नव्हता."

खोटं कशाला लिहू, माझा जीव भांड्यात पडला. म्हटलं, चला, नवा पाट मागायला नको, मापं पुन्हा दुरुस्त करता येतील, परिषद गेली खड्ड्यात. गणितवाली मात्र हसली नाही. दोरी गुंडाळत हळूच म्हणाली, "ताई, भाऊजी कुठे आहेत आत्ता?"

मग मला कळलं. इतक्या उशिरा, आणि तेही दुसऱ्या कुणीतरी विचारल्यावर. डिसेंबरातली इंजेक्शनं. नाचणारी अक्षरं. दिवे. फरशी. त्या मास्तरांना मी दोन मिनिटांत ओळखलं होतं आणि घरात शेजारी बसून जेवणाऱ्या माणसाला ओळखलं नाही. मास्तर पेशंट होते. हे प्रमाण होते. प्रमाण चुकत नाही, पाट चुकतो, एवढं मी धरूनच चालले होते.

गणितवालीने गाडी काढली. टाकीपाशी पोहोचलो तेव्हा ऊन उतरलं होतं. हे वर होते, अगदी वर, टाकीच्या फुगवट्याखाली, एका हाताने दोर धरून दुसऱ्या हाताने रंगाचा रोलर फिरवत. फळी वाऱ्याने थोडी झुलत होती. झुलत्या फळीवर पाय काही सांगू शकत नाहीत. कान गेलेले. उरले होते ते फक्त डोळे, आणि उजेड चालला होता.

मला ओरडायचं होतं. तोंड उघडलं आणि मिटलं. हाक मारली असती तर त्यांनी झटकन मान वळवली असती, आणि असल्या माणसाने मान वळवली की जगच हलतं. मुकादमाला म्हटलं, त्यांना उतरवा, पण सावकाश, हाक मारू नका. तो म्हणाला, "बाई, ते हल्ली कमरेचा दोर सोडतच नाहीत. आधी मी बांधा बांधा म्हणून मागे लागायचो." त्याने माणूस लावून कप्पी सोडायला सुरुवात केली. फळी इंचाइंचाने खाली येत होती. मी देवाला कधी काही मागत नाही, आज काय काय कबूल केलं ते मलाच आठवत नाही.

जमिनीला पाय टेकल्यावर ह्यांनी आधी मला पाहिलं, मग गणितवालीला.

मी म्हटलं, "पाट चांगला आहे."

ह्यांनी कमरेचा दोर सोडला. मग म्हणाले, "म्हणजे मीच."

मला दोन महिने लागले त्याला ह्यांना एक क्षण लागला. मी त्यांच्या रंगाने माखलेल्या सदऱ्यात तोंड खुपसून रडले, मुकादमासमोर, सगळ्यांसमोर.

सोमवार, ७ एप्रिल

सकाळी साहेबांना सगळं सांगितलं. आढावा मागे घ्यायचा, सगळी मापं पुन्हा मांडायची, परिषदेला कळवायचं. साहेब ओरडतील असं वाटलं होतं. ते फक्त म्हणाले, "मापं निस्तरू. यजमानांना आधी नीट तपासा." चांगुलपणा दाखवला की मला जास्त लाज वाटते.

मग ह्यांना पाटावर घेतलं, या वेळी पेशंट म्हणून. कमरेला पट्टा बांधून, पायाखाली मऊ गादी ठेवून. डोळे मिटा म्हटलं. मिटले, आणि सरळ माझ्या अंगावर आले. डुललेसुद्धा नाहीत, झाड पडावं तसे पडले. पट्टा होता म्हणून दोघेही वाचलो. कानाच्या तपासण्या झाल्या. डावा गेलाय, उजवा गेलाय. गेलेलं परत येत नाही. व्यायामाने डोळ्यांना आणि पायांना शिकवता येईल, उजेडात चालता-फिरता येईल. परांची नाही. शिडीसुद्धा नाही.

हे डॉक्टरांपुढे समजूतदारपणे मान हलवत होते. हलवल्यावर प्रत्येक वेळी थोडं थांबत होते.

संध्याकाळी घरी आलो. आमच्या जिन्यातला दिवा कुणी बदललेला नाही, खाली मिट्ट काळोख. हे पहिल्या पायरीपाशी थांबले. मी विचारायचं टाळत होते ते शेवटी विचारलं, "अहो, तुम्हाला कळत होतं ना? मग बोलला का नाहीत?"

"कळत होतं," हे म्हणाले. "फेब्रुवारीतच काम सोडायचं ठरवलं होतं. दोनदा. मुकादमाला सांगायला म्हणून घरातून निघालोसुद्धा. पण मधे सोमवार यायचा. तू म्हणायचीस, तुम्ही नाही हो, पाट हलतोय. मग वाटायचं, ही एवढी शिकलेली, हिला कळतं. मीच भित्रा झालोय. म्हणून चढायचो."

रागाने बोलले असते तर मी भांडले तरी असते. आवाजात राग नव्हता, नुसतं सांगणं होतं. मी म्हटलं, "माझं चुकलं हो. फार चुकलं."

"असू दे. चल," ह्यांनी अंधारात हात पुढे केला. "तू सांगशील तिथे पाय टाकतो."

मी पायरी सांगत गेले आणि हे टाकत गेले. एकदाही विचारलं नाही, नक्की ना?